चाळीस वर्षं कागदाखाली: वासारीचं ‘शेवटचं भोजन’ कसं वाचलं

पार्श्वभूमी

जॉर्जो वासारी (1511–1574) म्हटलं की इटलीतल्या फ्लॉरेन्समधली, त्याने आराखडा केलेली उफ्फीत्झीची इमारत आठवते. चित्रकार म्हणून त्याचं नाव सहसा मागे पडतं. पण 1546 मध्ये त्याने फ्लॉरेन्सच्या मुराते मठासाठी येशूच्या शेवटच्या भोजनाचा एक भव्य प्रसंग रंगवला होता. मुराते म्हणजे बाहेरच्या जगाशी संबंध तोडून राहणाऱ्या नन्सचा मठ, आणि चित्र त्यांच्या भोजनगृहासाठी होतं. पॉप्लरच्या लाकडाचे पाच उभे फलक शेजारी शेजारी जोडून ते उभारलेलं आहे. रुंदी सुमारे साडेसहा मीटर, उंची सुमारे अडीच मीटर. पुढे मठ बंद झाला आणि चित्र जवळच्याच सांता क्रोचे चर्चच्या संग्रहात आलं.

या चित्राची रचना आधी नीट समजून घ्यायला हवी, कारण पुढची सगळी गुंतागुंत तिथूनच सुरू होते. तळाला पॉप्लरच्या फळ्या. त्यांच्यावर जिप्सम आणि प्राण्यांच्या कातडीचा सरस मिसळून केलेलं पांढरं अस्तर, त्याला इटलीत गेसो म्हणतात. गेसोवर तेलरंग आणि सगळ्यात वर व्हार्निश. पैकी लाकूड हवेतल्या दमटपणाप्रमाणे सतत हलतं. पावसाळ्यात दार चौकटीत अडकतं तीच ही हालचाल. फळीवर दिसणाऱ्या रेषांच्या आडव्या दिशेने लाकूड चांगलंच फुगतं आणि आकसतं, लांबीच्या दिशेने जवळपास काहीच नाही. गेसोतला सरस पाण्यात विरघळतो. तेलरंगाचा थर मात्र चारशे वर्षांत कडक झालेला असतो, तो ताणलाही जात नाही आणि दबतही नाही. कोरड्या, स्थिर हवेत हे तीन थर शतकानुशतकं एकमेकांना सांभाळून घेतात. पाण्यात बुडाले की प्रत्येक जण आपल्या स्वभावाप्रमाणे वागतो.

सांता क्रोचे हा फ्लॉरेन्सचा सखल भाग. आर्नो नदीने इथे यापूर्वीही अनेकदा धुमाकूळ घातला होता. 1333, 1557 आणि 1844 चे पूर शहराच्या इतिहासात नोंदलेले आहेत आणि 1333 चा पूरही 4 नोव्हेंबरलाच आला होता. तरीही 1966 मध्ये शहरातल्या अमूल्य कलाकृतींचा मोठा भाग तळमजल्यावर आणि तळघरांत होता. वासारीचा हा फलकही त्यातलाच.

घटना

4 नोव्हेंबर 1966, शुक्रवार. राष्ट्रीय सुट्टीचा दिवस. पहाटे आर्नोचं पाणी शहरात शिरलं आणि सांता क्रोचेच्या परिसरात ते चार मीटरच्याही वर गेलं. हिवाळा तोंडावर असल्याने घरोघरच्या तळघरांत इमारत तापवण्याचं तेल नुकतंच भरून ठेवलेलं होतं. टाक्या फुटल्या आणि ते तेल पुराच्या पाण्यात आणि गाळात मिसळलं. जिथे जिथे पाणी पोचलं तिथे भिंतींवर, पुस्तकांवर, चित्रांवर त्याचा काळा पट्टा उमटला.

वासारीचं चित्र बारा तासांहून अधिक काळ पाण्याखाली होतं. पाणी हळूहळू उतरत गेल्यामुळे खालचा भाग वरच्यापेक्षा जास्त वेळ भिजला. याच संग्रहात चिमाबुए या चित्रकाराने तेराव्या शतकात रंगवलेला प्रचंड लाकडी क्रूसही होता. त्याचा सुमारे 60 टक्के रंग गेला, आणि साहजिकच साऱ्या जगाचं लक्ष त्याच्याकडे वळलं.

अडचण

पाणी उतरल्यावर संवर्धकांना दिसलं ते असं. फळ्या पाणी पिऊन फुगल्या होत्या. गेसोतला सरस विरघळल्यामुळे अस्तर दह्यासारखं मऊ झालं होतं. रंगाचा थर त्या मऊ अस्तरावर अक्षरशः तरंगत होता. बोट लागलं तरी पापुद्रा सरकला असता.

खरा धोका मात्र अजून यायचा होता, आणि तो वाळण्यात होता. अनुभव नसलेल्या माणसाला वाटतं, ओलं झालंय तर वाळवून टाकू. पण फुगलेलं लाकूड जोड, मागे ठोकलेल्या आडपट्ट्या आणि चौकटीच्या दाबाखाली असेल तर त्याच्या पेशी आतल्या आत चेपल्या जातात. मग वाळताना ते मूळ मापावर येऊन थांबत नाही, त्याहून लहान होतं. रंगाचा थर मात्र मूळ मापाचाच राहतो. हिशेबासाठी एक फलक 1.3 मीटर रुंद धरला आणि लाकूड केवळ 1 टक्का जास्त आकसलं असं समजलं, तर 13 मिलिमीटर रुंदीचा रंग बेघर होतो. तो जाणार कुठे? तो घराच्या छपरासारखा मधोमध उचलला जातो, कडा एकमेकींवर चढतात आणि शेवटी गळून पडतो.

भरीला बुरशी होती. सरस हे तिचं आवडतं खाद्य. गाळ, सांडपाणी आणि नोव्हेंबरची दमट हवा असताना ती काही दिवसांतच पसरते.

पहिला निर्णय: कागद लावणं

संवर्धकांनी रंग जागच्या जागी धरून ठेवण्यासाठी चित्राच्या दर्शनी बाजूवर पातळ कागद चिकटवला. इटलीत या कामाला वेलिनातुरा म्हणतात. एरवी हा कागद सरसाने लावतात. पण सरस पाण्यात कालवावा लागतो, ओल्या लाकडावर तो धरत नाही आणि वर बुरशीलाही खाऊ घालतो. म्हणून पॅरालॉइड ही अॅक्रिलिक राळ द्रावकात विरघळवून वापरली गेली. द्रावक उडून गेला की राळ कागद आणि रंग यांना बांधून ठेवते.

हा निर्णय तासांच्या हिशेबात घेतला गेला. पूर्ण चाचणी घ्यायला वेळ नव्हता, कागद आणि रसायनांचा तुटवडा होता आणि शेकडो फलकचित्रं रांगेत होती. वासारीच्या चित्रावर, विशेषतः जास्त खराब झालेल्या खालच्या भागात, कागदाचे थरावर थर चढले. पाचही फलक सुटे करण्यात आले.

इथला सगळ्यात महत्त्वाचा मुद्दा असा: कागद लावणं म्हणजे उपचार नव्हे. पट्टी बांधली इतकंच. रंग पडायचा थांबतो, पण तो कागदाला चिकटलेला असतो, लाकडाला नाही. गेसोने पकड सोडलेलीच असते. अशा अवस्थेत कोणी कागद सोलला असता तर चित्रही त्याच्याबरोबर निघून आलं असतं.

वाळवण्याचं काम

पुरात सापडलेल्या फलकचित्रांसाठी बोबोली उद्यानातली लिमोनाइया, म्हणजे हिवाळ्यात लिंबाची झाडं कुंड्यांसकट आत ठेवण्याची लांबलचक इमारत, तात्पुरतं रुग्णालय बनली. आतली सापेक्ष आर्द्रता आधी मुद्दाम 90 ते 95 टक्क्यांपर्यंत चढवली आणि मग अनेक महिन्यांत टप्प्याटप्प्याने उतरवली. एवढ्या दमट हवेत बुरशी माजू नये म्हणून निस्टाटिन हे बुरशीनाशक वापरलं गेलं. चिमाबुएच्या क्रूसावर इथेच वेगळा निर्णय झाला. त्याचा रंग आणि रंगाखालचं कापड लाकडापासून सोडवून घेतलं, लाकूड स्वतंत्रपणे वाळवलं आणि नंतर दोन्ही परत एकत्र आणले. ते काम 1976 पर्यंत चाललं.

आर्द्रता सावकाश उतरवण्यामागचं कारण साधं आहे. जाड फळीचा पृष्ठभाग आधी वाळतो, गाभा ओलाच राहतो. पृष्ठभाग आकसू पाहतो, गाभा त्याला आकसू देत नाही, आणि या ओढाताणीत फळी तडकते किंवा कमानीसारखी वाकते. बाहेर आणि आत यांच्यातला फरक कमी ठेवला तर तडे कमी पडतात. पण लाकडाचं मूळ माप काही परत येत नाही. सावकाश वाळवण्याने नुकसान आवरतं, भरून निघत नाही.

वासारीचे फलक वाळले, आकसले, तडकले आणि कागदासकट कोठारात गेले. तिथे ते जवळपास चाळीस वर्षं राहिले.

पर्याय

2004 मध्ये हे फलक फोर्तेत्सा दा बास्सो या जुन्या किल्ल्यातल्या प्रयोगशाळेत आले. ती ओपिफिचो देल्ले पिएत्रे दूरे या संस्थेची. संस्थेचं मूळ 1588 मध्ये मेदिची घराण्याने काढलेल्या दगडी जडावकामाच्या कारखान्यात आहे. 1975 मध्ये ती फ्लॉरेन्सच्या चित्रसंवर्धन विभागाशी जोडली गेली. पुराच्या अनुभवानेच तिला आजचं रूप आलं असं म्हणायला हरकत नाही.

टेबलावर पुढील पर्याय होते.

रंगाचा थर लाकडापासून पूर्ण सोडवून नव्या आधारावर चढवणं. अठराव्या शतकापासून हा मार्ग वापरला गेला आहे आणि पुरानंतर काही फलकांना त्याच्याशिवाय तरणोपाय नव्हता. पण त्यात मूळ लाकूड कायमचं जातं, पृष्ठभागाचा नैसर्गिक उंचसखलपणा सपाट होतो आणि चित्र छापील प्रतीसारखं दिसू लागतं. वासारीच्या बाबतीत तर गेसो इतका भुसभुशीत झाला होता की सोडवताना किती टिकेल याची खात्री नव्हती.

आहे त्या लाकडावर पापुद्रे बसवणं. वरवर सगळ्यात सोपं. पण रंग मोठा आणि लाकूड छोटं, म्हणून कडा एकमेकींवर चढणारच. त्या बसवायच्या तर रंगाच्या कडा छाटाव्या लागतात. वासारीने लावलेला रंग जागा नाही म्हणून कापून टाकायचा, हा विचारच संवर्धनाच्या मुळावर येतो.

लाकूड पुन्हा दमट करून फुगवणं. गेसो परत मऊ होण्याचा आणि बुरशीचा धोका. शिवाय दमटपणा उतरला की लाकूड परत आकसणार.

काहीच न करणं. हा पर्याय कमी लेखू नये. पहिली चाळीस वर्षं प्रत्यक्षात हाच निवडला गेला होता.

आणि पाचवा: लाकडालाच रंगाच्या मापाचं करणं.

काय केलं

पाचवा पर्याय निवडला गेला. कल्पना धाडसी होती, पण तिच्यामागचा तर्क स्वच्छ होता. रंग कमी करता येत नसेल तर त्याला जागा वाढवून द्यायची.

फळ्यांच्या मागच्या बाजूने, रेषांच्या दिशेत, उभ्या चिरा पाडण्यात आल्या. जुने तडे आणि सुटलेले जोडही या कामी आले. चिरा किंचित रुंदावून त्यांत मापाच्या पॉप्लरच्या पट्ट्या बसवल्या, म्हणजे फलकाची रुंदी पुराच्या आधीच्या मापाकडे परत सरकली. मग पट्टीचं लाकूड मूळ लाकडाच्याच जातीचं आणि रेषांच्या त्याच दिशेचं असणं आवश्यक ठरतं. कडक लाकडाची किंवा आडव्या रेषांची पट्टी टाकली तर पुढच्या दमट ऋतूत दोघं वेगवेगळं हलणार आणि जोडाच्या रेषेवर रंग फुटणार.

या कामात हात फार मोलाचे असतात. चीर खोल गेली तर समोरचा गेसो फुटतो, उथळ राहिली तर फळी उघडत नाही. पटाशी कुठे थांबवायची हे यंत्र सांगत नाही. लाकडी आधारांवर काम करू शकणारे ज्येष्ठ कारागीर जगभरात मोजकेच उरले होते आणि निवृत्तीच्या उंबरठ्यावर होते. 2010 मध्ये गेटी फाउंडेशनने आपल्या फलकचित्र उपक्रमातून या कामाला अर्थसाहाय्य दिलं, तेव्हा म्हणूनच तरुण संवर्धकांचं प्रशिक्षण हा त्याचा भाग होता. पुढे रंगाच्या थरावरच्या कामासाठी प्राडा या कंपनीचं साहाय्य मिळालं. इटलीच्या नागरी संरक्षण विभागाचाही वाटा होता.

लाकडाला माप मिळाल्यावर कागद काढण्याचं काम आलं, आणि ते सगळ्यात चिवट ठरलं. पॅरालॉइड द्रावकात विरघळते हे खरं, पण इतक्या वर्षांत ती भेगांमधून आत झिरपलेली असते. एकदम जास्त द्रावक लावला तर रंग धरून ठेवणारी राळही सुटते, कमी लावला तर कागद निघत नाही. म्हणून छोट्या छोट्या भागांत काम करावं लागतं: आधी सैल पापुद्र्यांखाली चिकटद्रव्य पोचवायचं, हलक्या दाबाने पापुद्रा जागेवर बसवायचा, तो धरला की मगच त्यावरचा कागद मऊ करून उचलायचा. क्रम उलटला की रंग गेला.

फलकांच्या मागे नवा आधार बसवताना जुन्या पद्धतीच्या घट्ट आडपट्ट्या टाळल्या गेल्या. लाकडाला घट्ट धरून ठेवलं की पुन्हा चेपणं आणि आकसणं सुरू होतं. आधाराने फळ्यांना वाकण्यापासून रोखायला हवं, पण श्वास घ्यायला मोकळंही ठेवायला हवं.

गेलेल्या रंगाचं काय?

इटलीत या प्रश्नावर दोन घराणी आहेत. रोमच्या केंद्रीय संवर्धन संस्थेत (स्थापना 1939) चेझारे ब्रांदीने बारीक उभ्या रेषांनी रिकामी जागा भरण्याची पद्धत रुजवली. फ्लॉरेन्समध्ये उंबेर्तो बाल्दिनी आणि ओर्नेल्ला कासात्सा यांनी तिला वेगळं वळण दिलं. जिथे मूळ आकृती शेजारच्या रंगावरून नक्की कळते तिथे शुद्ध रंगांच्या रेषा आकाराच्या ओघाने ओढायच्या, म्हणजे लांबून चित्र एकसंध दिसतं आणि जवळून भरलेला भाग ओळखू येतो. जिथे काय होतं हे सांगताच येत नाही तिथे आकृती रचायची नाही, फक्त भोवतालच्या रंगांचा मेळ साधणारी रेषांची जाळी करायची. चिमाबुएच्या क्रूसावर ही जाळीची पद्धत वापरली गेली आणि तिच्यावर तेव्हा कडक टीकाही झाली, कारण इतक्या मोठ्या क्षेत्रावर ती जाळी स्वतःच नजरेत भरते.

वासारीचं नशीब इथे बरं होतं. कागदाखालून बराच मूळ रंग हाती लागला. त्यामुळे बहुतेक ठिकाणी आकृती शोधावी लागली नाही, जोडावी लागली. कोणाचा हात, कोणाच्या वस्त्राची घडी, टेबलक्लॉथची कड: शेजारचा पुरावा होता.

निष्पत्ती

पुराला पन्नास वर्षं पूर्ण झाली त्या नोव्हेंबर 2016 मध्ये चित्र सांता क्रोचेत परत लागलं. खालच्या भागातली झीज पाहणाऱ्याला दिसते आणि ती दिसू दिली आहे हे योग्यच आहे. चित्राला आता कप्पी आणि प्रतिभार (तोल साधणारं वजन) लावलेली उचलण्याची यंत्रणा जोडलेली आहे. पुराचा इशारा मिळताच अख्खा फलक काही मिनिटांत पाण्याच्या पातळीच्या वर नेता येतो.

निर्णयांकडे मागे वळून

तीन ठिकाणी वेगळं वागता आलं असतं.

पहिलं पुराच्या आधी. आधीच तीन मोठे पूर नोंदलेल्या शहराच्या सर्वांत सखल भागात साडेसहा मीटर रुंद फलक जमिनीलगत ठेवलेला होता आणि तो हलवण्याची कोणतीही योजना नव्हती. आज जी कप्पी आहे ती 1966 मध्ये तंत्राच्या दृष्टीने अशक्य नव्हती. तिचा विचार झाला नाही, एवढंच.

दुसरं कागदाच्या वेळी. कुठे किती थर, राळेचं प्रमाण किती, कोणता द्रावक, याची फलकवार नोंद चाळीस वर्षांनंतर सोन्याच्या मोलाची ठरते. आणीबाणीत कोणाकडे वही नसते हे मान्य. पण आजच्या आपत्ती पथकात एका माणसाचं काम फक्त नोंद ठेवणं हेच असायला हवं, त्याने ब्रशला हात लावू नये. खालच्या भागात थर कमी ठेवून आधी मागच्या आडपट्ट्या सैल केल्या असत्या तर लाकूड कमी चेपलं गेलं असतं का, हा प्रश्न संवर्धकांनी विचारण्यासारखा आहे, कारण दाब जितका लवकर काढाल तितकं आकसणं कमी.

तिसरं कोठारातल्या वर्षांचं. ही प्रतीक्षा दुर्लक्षाने लांबली की शहाणपणाने, यावर मतभेद होऊ शकतात. पण 1970 च्या दशकात हात घातला असता तर बहुधा रंग लाकडावरून उतरवला गेला असता, आणि वासारीच्या फळ्या आज नसत्या. चित्राच्या दृष्टीने थांबणं फायद्याचं ठरलं. मात्र थांबायचं तर दर काही वर्षांनी फलक तपासायला हवेत, कोठाराची आर्द्रता मोजायला हवी, आणि कागदाचा एखादा छोटा चौकोन चाचणीसाठी उघडून राळ अजून सुटते का हे पाहायला हवं. म्हणजे थांबण्याचा निर्णय दरवेळी नव्याने घेतला जातो, आपोआप लांबत नाही.

उचलण्याच्या यंत्रणेबाबतही एक कच्चा दुवा उरतो. 1966 चं पाणी सुट्टीच्या दिवशी, पहाटेच्या अंधारात आलं होतं. चित्र वर न्यायला काही मिनिटं पुरतात हे खरं, पण त्या वेळी इमारतीत किल्ली असलेला आणि सराव केलेला माणूस हवा. म्हणून अशा यंत्रणेची चाचणी दुपारी पाहुण्यांसमोर घेऊन भागत नाही. ती रात्री, दिवे बंद करून, त्या दिवशी पाळीवर असलेल्या रखवालदाराकडून करून घ्यायला हवी.